राजाभाऊंची दोस्त मंडळी

मराठी सिनेमाचा इतिहास सांगताना आपण प्रभातच्या तुतारीपासून सुरुवात करतो, 'श्यामची आई'च्या सुवर्णपदकापाशी घटकाभर थांबतो आणि तिथून थेट तमाशापटांच्या फडात शिरतो. या वाटेवर मध्येच एक साधे, दोन खणांचे बिऱ्हाड लागते. ते राजा परांजपे यांचे. मला तिथे रेंगाळायला आवडते.

राजाभाऊ १९१० साली मिरजेत जन्मले. कोल्हापुरात भालजी पेंढारकरांच्या हाताखाली त्यांनी उमेदवारी केली आणि १९४८ मध्ये ते दिग्दर्शक झाले. त्या वर्षीच्या त्यांच्या एका चित्रपटाचे नाव होते 'जिवाचा सखा'. ग. दि. माडगूळकरांनी लिहायचे, सुधीर फडक्यांनी चाली बांधायच्या आणि राजाभाऊंनी ते पडद्यावर आणायचे, असे त्रिकूट पुढे जमून गेले. यातल्या दोघांनी १९५५ मध्ये पुणे आकाशवाणीवरून 'गीतरामायण' सुरू केले, पण त्याआधीच सिनेमाच्या कामात ते एकमेकांना पुरते ओळखून होते.

१९५२ चा 'लाखाची गोष्ट' हे या दोस्तीचे गोड फळ. एक कवी, एक चित्रकार, दोघेही कफल्लक आणि एकाच खोलीत राहणारे. मुलीचा श्रीमंत बाप एक लाख रुपये हातावर ठेवतो आणि म्हणतो, महिन्याभरात खर्चून दाखव. फुकट्या माणसाला पैसा उडवणे किती जड जाते, याची ती गंमत. दोन मित्र झाले होते स्वतः राजाभाऊ आणि राजा गोसावी. असे सांगतात की गोसावी तेव्हा पुण्याच्या भानुविलास थिएटरात तिकिटे विकत आणि स्वतःच नायक असलेल्या या चित्रपटाची तिकिटेही त्यांनीच खिडकीतून दिली. रेखा आणि चित्रा या सख्ख्या बहिणीही याच चित्रपटातून पुढे आल्या. कवीची भाकरी हा विनोदाचा विषय असतो, हे मी कवी म्हणून सहन करतो. पण इथे कवीला हसणारा लेखक स्वतःच कवी होता, म्हणून ते बोचत नाही.

दोनच वर्षांनी 'ऊनपाऊस' आला. निवृत्त मास्तर आणि त्यांची बायको म्हातारपणी मुलांमध्ये वाटली जातात, अशी ती कथा. राजाभाऊ तेव्हा अवघे ४४ वर्षांचे, तरी मास्तर त्यांनीच रंगवला. पत्नी सुमती गुप्ते. माझे अब्बा जिल्हा परिषदेच्या शाळेत मास्तर होते. दूरदर्शनवर हा चित्रपट बघताना ते एका जागी खिळून बसले होते आणि संपल्यावर कुणाशी न बोलता अंगणात निघून गेले. आमच्या मोहल्ल्यातली माणसे राजाभाऊंच्या पडद्यावर फारशी दिसत नाहीत. गिरणगावही नाही. त्यांचे जग पांढरपेशांचे, तेही पुण्याकडचे, हे मान्य करायलाच हवे. तरी त्या मास्तरात अब्बांना स्वतःचे काही दिसले होते, हे खरेच.

'पेडगावचे शहाणे', 'जगाच्या पाठीवर' हे अनेकांना ठाऊक आहेत. 'पाठलाग' (१९६४) मात्र अगदी वेगळा, रहस्याचा. त्यावरूनच राज खोसलांनी १९६६ मध्ये 'मेरा साया' केला. हिंदीचे कौतुक करताना हे मूळ मराठी घर विसरले जाते, याचा मला राग येतो.

माडगूळकर १९७७ मध्ये गेले, राजाभाऊ १९७९ मध्ये. फडके मागे राहिले ते २००२ पर्यंत. आणि राजाभाऊंच्या 'हा माझा मार्ग एकला' (१९६३) मध्ये ज्या चिमुरड्याने पहिल्यांदा कॅमेऱ्यापुढे पाऊल टाकले, त्या सचिनने १९८८ मध्ये 'अशी ही बनवाबनवी' दिग्दर्शित केला. कथानक हिंदीतून घेतलेले. पण पुण्यात खोली शोधत फिरणारे चार कफल्लक मित्र बघताना मला 'लाखाची गोष्ट'मधली ती दोघांची खोली आठवली.