अनौरस संतती

विवाहबाह्य संबंधातून जन्मलेली अपत्ये. एकोणिसाव्या शतकात पुनर्विवाहाला मुकलेल्या विधवांवर गर्भपाताची किंवा नवजात मूल मारण्याची पाळी येई. दोष मात्र पुरुषाला क्वचितच लागे. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांनी 1863 मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले आणि गुप्तपणे बाळंत होण्याची सोय असल्याची पत्रके शहरात लावली. तेथे आलेल्या काशीबाई या ब्राह्मण विधवेचा मुलगा यशवंत फुले दांपत्याने दत्तक घेतला. जोतीरावांनी 1887 च्या मृत्युपत्रात त्यालाच वारस नेमले. यशवंत पुढे डॉक्टर झाला. पंढरपुरातही 1875 मध्ये असेच गृह निघाले.

आज हिंदू विवाह कायद्याच्या कलम 16 नुसार अवैध विवाहातील मुले औरस ठरतात. 2023 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांना वडिलांच्या एकत्र कुटुंबातील हिश्श्यातही वाटा दिला. विवाहच न झालेल्या आईबापांच्या मुलाला मात्र हिंदू उत्तराधिकार कायदा आईकडूनच वारसा देतो. बापाकडून पोटगी मिळते, मालमत्ता नाही. हा भेद अन्यायकारक आहे. यवतमाळ जिल्ह्यात झरी-जामणीकडच्या आदिवासी कुमारी मातांच्या मुलांना मात्र हा उत्तराधिकार कायदा लागू नाही, कारण अनुसूचित जमाती त्यातून वगळल्या आहेत.