लोकशाहीर अमर शेख



मी गायक नव्हे, पंडित तर नव्हेच. माझी शाळा कारखान्याच्या गेटवरची. तीसेक वर्षांपूर्वी मुरबाडच्या एका कारखान्यात कंत्राटी कामगारांचा तीन महिन्यांचा पगार थकला होता. मी कायद्याची कलमे समजावून सांगत होतो आणि माणसे एस.टी.ची वाट पाहत होती. तेव्हा शहापूरकडचे एक म्हातारे पुढे आले. १९८२ च्या संपानंतर मुंबईची गिरणी सुटली, म्हणून गावी परतलेले. त्यांनी पत्र्याच्या डब्यावर ठेका धरून एक गाणे म्हटले. एस.टी. आली आणि रिकामी गेली. ‘बाबा, कुठं शिकलात हे?’ असे विचारले, तर म्हणाले, ‘गिरणीच्या गेटवर. अमर शेखांच्या तोंडून.’ त्या सभेत पुढारी काय बोलला, हे मात्र त्यांना आठवत नव्हते.

मेहबूब हुसेन पटेल हे या शाहिराचे मूळ नाव. जन्म २० ऑक्टोबर १९१६, बार्शीचा. आई मुनेरबी हिच्या गाण्यांनी कान तयार झाला. पोटासाठी त्यांनी पाणी भरले, मोटारीवर क्लीनरचे काम केले, गिरणीत राबले. संपापायी विसापूरचा तुरुंग पाहिला व तेथेच कम्युनिस्ट विचारांची ओळख झाली. पुढे कोल्हापुरास मास्टर विनायकांच्या स्टुडिओत असताना ‘अमर शेख’ हे नाव पडले.

१९४४ साली अण्णाभाऊ साठे, द. ना. गवाणकर आणि अमर शेख या तिघांनी लाल बावटा कलापथक उभे केले. तो काळ ध्यानात घ्या. १९४५ च्या जानेवारीत आपल्या शेजारी टिटवाळ्यास किसान सभेची परिषद भरली. शामराव व गोदावरी परुळेकर वेठीविरुद्ध माणसे जागी करीत होते, आणि त्या माणसांपैकी बहुतेकांना अक्षरओळख नव्हती. त्यांच्या हाती छापील पत्रक देऊन काय उपयोग? पोवाड्याचे तसे नाही. शाहीर ओळ टाकतो, झीलकरी ती उचलून धरतात, मध्ये डफ वाजतो तेवढ्यात अर्थ मनात उतरतो. ओळ दोनदा कानी पडते आणि घरी जाताना ओठांवर राहते. त्यातून अमर शेखांचा आवाज पहाडी!

सरकारलाही या आवाजाचे मोल कळले असावे. कलापथकावर बंदी आली. तमाशावर सरकारची वक्रदृष्टी होती, तेव्हा अण्णाभाऊंनी त्याला ‘लोकनाट्य’ म्हटले आणि वग चालूच ठेवला. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात तर हे शाहीर गावोगाव फिरले. १ मे १९६० रोजी राज्य झाले, त्यात डफाचा वाटा भाषणांहून कमी होता असे मला वाटत नाही.

‘कलश’ आणि ‘धरतीमाता’ हे त्यांचे कवितासंग्रह. स्पष्ट बोलायचे तर कागदावर या शब्दांची अर्धी ताकद जाते. शाहिरी वाचायची नसते.

२९ ऑगस्ट १९६९ रोजी इंदापूरजवळ मोटार अपघातात ते गेले. वय अवघे ५२. मी आज त्या वयाच्या पुढे आहे. आमच्या सभांत शाहीर कशाला बोलवीत? पुढाऱ्याची मोटार येईपर्यंत लोक धरून ठेवायला! मीही तेच केले.

मुरबाडला पुढे तीनपैकी दोन महिन्यांचा पगार मिळाला. युनियनच्या अहवालात माझ्या भाषणाची नोंद आहे. तो अहवाल मीच लिहिला होता. म्हाताऱ्याच्या गाण्याविषयी त्यात एक ओळही नाही.