देहावाचून वाणी : मिशेल लॉन्सडेल यांची नटकारकीर्द

फ्रेंच चित्रपटाच्या इतिहासात मिशेल लॉन्सडेल (१९३१–२०२०) यांची गणना सामान्यतः दुय्यम भूमिका करणाऱ्या नटांत होते. ही गणना भूमिकेची लांबी पाहून केलेली आहे. त्यांच्या वाणीचा विचार केला असता ती टिकत नाही.

लॉन्सडेल यांचा जन्म पॅरिसचा. वडील इंग्रज, आई फ्रेंच. दोन्ही भाषा घरच्याच असल्याने नावाचीही दोन रूपे चालली : श्रेयनामावलीत कोठे मायकेल, तर कोठे मिशेल. तान्या बालाशोवा यांच्याकडे त्यांनी अभिनयाचे शिक्षण घेतले. त्र्युफो यांच्या १९६८ मधील ‘बेझे व्होले’ या चित्रपटात, आपण कोणालाच का आवडत नाही हे शोधण्यासाठी खासगी गुप्तहेर नेमणारा जोड्यांचा दुकानदार त्यांनी रंगविला. त्याचे बोलणे इतके समतोल आहे की हसावे की कीव करावी, हे प्रेक्षकास उमगत नाही. ‘द डे ऑफ द जॅकल’ (१९७३) व ‘मूनरेकर’ (१९७९) यांनी त्यांना जगभर ओळख दिली; परंतु त्यांचे खरे कर्तृत्व व्यापारी चित्रपटाच्या बाहेर आहे.

मार्गरित द्यूरास यांच्या ‘इंडिया साँग’ (१९७५) मध्ये ते लाहोरचे फ्रेंच व्हाइस-कॉन्सल आहेत. कथा १९३७ च्या कलकत्त्याची. चित्रण मात्र फ्रान्समधले. (हे कलकत्ता सर्वस्वी फ्रेंच कल्पनेतले आहे, हे भारतीय प्रेक्षकाने ध्यानी घ्यावे.) पडद्यावर कोणाचेही ओठ हलत नाहीत; संवाद ध्वनिपट्टीवरून ऐकू येतात. राजदूताच्या पत्नीवर प्रेम जडलेल्या या अधिकाऱ्यास मेजवानीतून बाहेर काढले जाते, आणि तिचे नाव घेऊन त्याने केलेला आक्रोश दीर्घकाळ कानी येत राहतो. मुद्रा व हातवारे यांचा आधार काढून घेतल्यावर नटाजवळ जे उरते, ते येथे ऐकावयास मिळते. पुढच्याच वर्षी, १९७६ मध्ये, द्यूरास यांनी हीच ध्वनिपट्टी एका पडक्या प्रासादाच्या दृश्यांवर बसवून नवा चित्रपट केला. आता देहही नाही. ओसाड दालनांतून तोच आक्रोश घुमतो, आणि तो कमी प्रभावी झालेला नाही.

वाणीच्या अभ्यासकास याहून उपयुक्त उदाहरण झाँ उस्ताश यांच्या ‘युन साल इस्त्वार’ (१९७७) मध्ये मिळेल. एका पुरुषाने सांगितलेली एक ओंगळ हकीकत या चित्रपटात दोनदा येते : एकदा लॉन्सडेल यांच्या मुखातून, एकदा झाँ-नोएल पिक यांच्या. मजकूर जवळजवळ एकच. लॉन्सडेल ती संथपणे, जणू शिष्टाचाराचे काही सांगत असल्याप्रमाणे सांगतात. पिक यांचे सांगणे संभाषणाच्या जवळचे आहे. पिक यांचे कथन आधी चित्रित झाले होते. लॉन्सडेल यांनी त्याच शब्दांवरून आपला भाग केला. तथापि चित्रपटात लॉन्सडेल यांचा भाग प्रथम येतो, आणि त्यामुळे नंतर ऐकू येणारे मूळ कथनच प्रेक्षकास नक्कल वाटू लागते.