मोझांबिक बेट: दगड, पाणी आणि वारा

मोझांबिक देशाच्या उत्तर किनाऱ्यालगत सुमारे ३ किलोमीटर लांब आणि फार तर अर्धा किलोमीटर रुंद असे प्रवाळखडकाचे एक बेट आहे. देशाला नाव मिळाले ते याच बेटावरून. १४९८ मध्ये वास्को द गामा येथे पोहोचला, तेव्हा बेटावर मुसलमान शेखची सत्ता होती आणि अरबी व्यापाऱ्यांची गलबते बंदरात येत-जात होती.

बेटावर शेती जवळजवळ नाही, गोडे पाणीही नाही. तरीही ते पोर्तुगीज वसाहतीची राजधानी झाले, याचे श्रेय मोसमी वाऱ्यांना द्यावे लागते. लिस्बनहून निघालेल्या जहाजाचा नैर्ऋत्य मोसमी वारा हुकला, की गोव्याकडे जाण्यासाठी पुढच्या वर्षापर्यंत इथेच तळ ठोकावा लागे. १५५८ मध्ये साओ सेबास्तियाओ किल्ल्याचे काम सुरू झाले. त्याच्या सपाट छतांवरचे पावसाचे पाणी टाक्यांत उतरे. डचांनी १६०७ आणि १६०८ मध्ये वेढा घातला, पण किल्ला पडला नाही.

१७५२ पर्यंत बेटाचा कारभार गोव्याच्या व्हाइसरॉयच्या हाताखाली होता. व्यापाराच्या नाड्या मात्र दीवच्या वाण्यांकडे होत्या. गुजराती कापड देऊन ते हस्तिदंत घेत. पुढे माणसांचाच व्यापार फोफावला. गुलामांची जहाजे हिंदी महासागरातल्या फ्रेंच बेटांकडे आणि ब्राझीलकडे जाऊ लागली.

बेटाच्या उत्तर भागात चुन्याच्या गिलाव्याची दगडी घरे आहेत, दक्षिणेला माकुती वस्ती. माकुती म्हणजे माडाच्या झावळ्यांचे छप्पर. ही वस्ती रस्त्यापेक्षा बरीच खाली आहे, कारण दगडी शहरासाठीचा खडक तिथूनच खणून काढला गेला. साहजिकच पावसाळ्यात पाणी तिथेच साचते, आणि बेटावरची बहुसंख्य माणसे त्याच खोलगटात राहतात. ती मुख्यतः मुसलमान असून मखुवा भाषेची नाहारा ही बोली बोलतात. मासेमारी हा त्यांचा जुना धंदा. बायका मुसिरो नावाच्या लाकडाचा पांढरा लेप चेहऱ्याला लावतात आणि एका लयीत तुफो नाच करतात.

१८९८ मध्ये राजधानी दक्षिणेला लोरेन्सो मार्किशला, म्हणजे आजच्या मापुटोला गेली. पुढे नाकालाच्या खोल बंदराने उरलासुरला व्यापारही ओढून घेतला. १९६० च्या दशकात बांधलेल्या एकपदरी पुलाने बेट मुख्य भूमीशी जोडले गेले आणि १९९१ मध्ये युनेस्कोने त्याला जागतिक वारसास्थळाचा दर्जा दिला.