दिल दोस्ती दुनियादारी

झी मराठीवरील विनोदी मालिका. मुंबईत एका घरात एकत्र राहणाऱ्या सहा तरुणांची ही गोष्ट ९ मार्च २०१५ रोजी सुरू झाली. दिग्दर्शक विनोद लव्हेकर. या घराचे नाव ‘माजघर’.

सुरुवातीच्या भागांचा कणा रेश्मा (सखी गोखले) आहे. लग्न होऊन मुंबईत आलेल्या या मुलीला नवऱ्याचे दुसरीकडे प्रेमप्रकरण असल्याचे कळते आणि ती माजघरात आसरा घेते. सुजय (सुव्रत जोशी), कैवल्य (अमेय वाघ), आशू (पुष्कराज चिरपुटकर), मीनल (स्वानंदी टिकेकर) आणि ॲना (पूजा ठोंबरे) हे पाचही जण रेश्माच्या नजरेतून उलगडत जातात. सासू-सुनांच्या कारस्थानांना सरावलेल्या प्रेक्षकांना परक्यांचे हे कुटुंब वेगळे वाटले. ‘फ्रेंड्स’ या अमेरिकी मालिकेशी तुलना अटळच होती, पण ती अर्धीच खरी: मोडलेल्या लग्नाचे ओझे आणि घरच्यांचा धाक इथे पूर्णपणे मराठी आहे. घरापासून दूर आलेल्यांनी मिळून एका खोलीत राहायचे, ही रीत तर मुंबईच्या गिरणगावातल्या कामगारांच्या गाळ्यांनी कधीच रुजवली होती.

मालिका फेब्रुवारी २०१६ मध्ये संपली. याच कलाकारांना घेऊन २०१७ मध्ये ‘दिल दोस्ती दोबारा’ आली. तिला मात्र पहिलीची सर नाही.