हद्दपारीचे आकडे आणि अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष

तडीपारी, हद्दपारी आणि देशनिकाला हे शब्द मराठीत आपण बऱ्याचदा एकमेकांच्या जागी वापरतो. तडीपार इसम जिल्ह्याच्या वेशीबाहेर जातो; देशनिकाला झालेल्याला स्वतःची भूमी सोडावी लागते. अमेरिकेतून ज्याला बाहेर काढले जाते, तो मात्र कायद्याच्या दृष्टीने ‘आपल्याच’ देशात परत जात असतो. या शाब्दिक भेदावर एक मोठी इमारत उभी आहे. १८९३ साली फाँग यू टिंग या चिनी मजुराच्या खटल्यात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने निर्णय दिला की हद्दपारी ही शिक्षाच नव्हे. शिक्षा नाही, म्हणून ज्यूरी नाही आणि फौजदारी खटल्यातील संरक्षणेही नाहीत. न्यायमूर्ती ब्रूअर यांनी आपल्या भिन्नमतपत्रात ही शिक्षाच आहे असे बजावले होते. पण हा अधिकार बव्हंशी शासनाच्या हाती गेला तो गेलाच. राष्ट्राध्यक्ष बदलला की काय बदलते, हा प्रश्न त्यामुळेच अर्थपूर्ण ठरतो.

तथापि राष्ट्राध्यक्ष म्हणजे शासन नव्हे. वुड्रो विल्सन यांच्याच कारकीर्दीत, १९१९-२० मध्ये, ॲटर्नी जनरल पामर यांनी डाव्या विचारांच्या हजारो स्थलांतरितांची धरपकड केली. हद्दपारीचा आदेश काढण्याचा अधिकार मात्र तेव्हा मजूर खात्याकडे होता. त्या खात्यातील लुई पोस्ट या वयोवृद्ध अधिकाऱ्याने एकेक कागद तपासून बहुतांश वॉरंटे रद्द केली. राष्ट्राध्यक्ष तोच, कायदाही तोच.

हर्बर्ट हूव्हर यांच्या काळातील (१९२९-३३) अधिकृत आकडे वाचून तर कोणाचाही गैरसमज व्हावा. वर्षाकाठी दहा-वीस हजारांचीच हद्दपारी तेथे नोंदलेली दिसते. प्रत्यक्षात महामंदीच्या त्या दशकात मेक्सिकन वंशाचे किती लोक देशाबाहेर गेले, याचे अंदाज सुमारे ४ लाखांपासून १० लाखांच्याही पुढे जातात, आणि त्यांत अमेरिकेत जन्मलेली, म्हणजे नागरिकच असलेली, मुले फार मोठ्या संख्येने होती. केंद्राने छाप्यांची दहशत निर्माण केली. स्थानिक प्रशासनांनी मदत बंद करण्याचा धाक घातला आणि रेल्वेची तिकिटे हातांत ठेवली. या प्रकाराला ‘मायदेशी परतणे’ असे गोंडस नाव होते. माणूस ‘स्वेच्छेने’ गेला की तो हद्दपारीच्या रकान्यात बसत नाही. पुढे फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या मजूरमंत्री फ्रान्सिस पर्किन्स यांनी धोरण सौम्य केले आणि १९३४ मध्ये अधिकृत आकडा आदल्या वर्षाच्या जवळजवळ निम्म्यावर आला. नेतृत्वबदलाचा इतका स्वच्छ परिणाम या इतिहासात क्वचितच दिसतो.

आयझेनहॉवर यांच्या १९५४ च्या मोहिमेत उलटा प्रकार घडला. निवृत्त सेनानी जोसेफ स्विंग यांच्या नेतृत्वाखाली स्थलांतर खात्याने दहा लाखांहून अधिक लोक घालवल्याचा दावा केला. पुढच्या संशोधकांना हा आकडा फुगवलेला वाटतो, कारण त्यात मोहिमेपूर्वी पकडलेले आणि भीतीने आपणहून निघून गेल्याचे मानलेले लोकही धरले होते. गंमत अशी (गंमत हा शब्द येथे क्रूरच आहे) की १९४२ पासून १९६४ पर्यंत ब्रासेरो योजनेखाली हेच सरकार मेक्सिकोतून लाखो शेतमजूर रीतसर आणतही होते.

मोजण्याच्या या खेळात माणसाचे नाव कसे गळते, ते ट्रूमन यांच्या काळातील एका घटनेत दिसते. २८ जानेवारी १९४८ रोजी कॅलिफोर्नियात लॉस गाटोस खोऱ्यात विमान कोसळून ३२ जण मृत्यू पावले. त्यांपैकी २८ परत पाठवले जाणारे मेक्सिकन होते. बातम्यांत कर्मचाऱ्यांची नावे आली. इतरांना एकच सामान्यनाम मिळाले. वुडी गथ्री यांचे प्रसिद्ध गीत त्या संतापातून जन्मले. फ्रेस्नोच्या दफनभूमीत ती २८ नावे दगडावर कोरली गेली २०१३ साली.

अलीकडच्या काळात तर व्याख्याच बदलली. क्लिंटन यांनी स्वाक्षरी केलेल्या १९९६ च्या कायद्याने ‘रिमूव्हल’, म्हणजे औपचारिक आदेशाने काढून टाकणे, ही संज्ञा रूढ केली. सीमेवर पकडून तसेच माघारी धाडणे ते ‘रिटर्न’. दोन्ही एकत्र मोजले तर क्लिंटन यांचा आकडा सर्वांत मोठा, सुमारे १ कोटी २० लाख. केवळ औपचारिक आदेश मोजले तर क्लिंटन ९ लाखांच्याही आत राहतात, धाकटे बुश २० लाखांच्या आसपास आणि ओबामा सुमारे ३० लाखांवर जातात. याचे एक मोठे कारण असे की बुश यांच्या उत्तरार्धापासून सीमेवरच्या माणसालाही नुसते परत न धाडता आदेश देण्याची पद्धत वाढली. असा आदेश डोक्यावर असताना पुन्हा आलेला माणूस गंभीर गुन्हेगार ठरतो. ओबामांना कठोर म्हणणारे आणि उदार म्हणणारे, दोघांनाही आपापला रकाना सापडतो.

ट्रम्प यांच्या पहिल्या चार वर्षांत (२०१७-२१) देशांतर्गत अटका झपाट्याने वाढल्या; तरी एकूण रिमूव्हल ओबामांच्या पहिल्या चार वर्षांपेक्षा कमीच राहिले. कॅलिफोर्नियासारख्या राज्यांनी पोलिसांचे सहकार्य आखडते घेतले होते आणि न्यायालयांत प्रकरणे तुंबली होती. २०२० पासून साथीच्या नावाखाली सीमेवरून झालेली हकालपट्टी तर वेगळ्याच खात्यावर मांडली गेली. ती बायडन यांच्या काळातही, मे २०२३ पर्यंत, चालू होती. २०२४ च्या आर्थिक वर्षात बायडन यांच्या यंत्रणेने २,७१,४८४ जणांना बाहेर काढले. त्या यंत्रणेचा हा दहा वर्षांतील उच्चांक होता, पण त्याची चर्चा फारशी झाली नाही.

५ फेब्रुवारी २०२५ रोजी अमेरिकेचे लष्करी विमान १०४ भारतीयांना घेऊन अमृतसरला उतरले. त्यांत महाराष्ट्रातील तिघे होते. हातापायांतील बेड्यांवरून आपल्याकडे संताप उसळला. दुसऱ्या दिवशी परराष्ट्रमंत्री जयशंकर यांनी राज्यसभेत २००९ पासूनचा तक्ता मांडला: २००९ मध्ये ७३४, २०१९ मध्ये २,०४२, २०२४ मध्ये १,३६८. विमानातून नेताना बंधने घालण्याची कार्यपद्धती २०१२ पासून लागू आहे, असेही त्यांनी सांगितले. २०१२ साली राष्ट्राध्यक्ष ओबामा होते.