निर्दोष पेटींतील सदोष नाद

यंत्र सुधारलें म्हणजे नादहि सुधारतो, असा समज ध्वनिमुद्रणाविषयीं रूढ आहे. तो सर्वस्वीं खरा नाहीं हें पाहण्यास ‘मेटॅलिका’ या अमेरिकन वादकमंडळीचा ‘डेथ मॅग्नेटिक’ हा संग्रह पुरे आहे. हार्ड रॉकच्या कुळांतील अधिक उग्र अशा हेवी मेटल शाखेचा हा संग्रह सप्टेंबर २००८ मध्यें निघाला. निर्माते रिक रुबिन.

१९८२ सालीं आलेल्या कॉम्पॅक्ट डिस्कनें ध्वनीचे दर सेकंदास ४४,१०० नमुने घेऊन प्रत्येकाची उंची ६५,५३६ पायऱ्यांवर मोजली. आंकड्यांची ही रास मोठी. पुढें एमपी३ पद्धतीनें, कानास ऐकूं येणार नाहीं असें मानलेलें गाळून ती लहान केली; गाळलेलें परत येत नसे. जॉश कोलसन यांच्या ‘फ्लॅक’नें (पहिली पक्की आवृत्ति २००१) निराळी वाट धरली. मागील नमुन्यांवरून पुढल्याचा अदमास करावा, आणि अदमास चुकेल तेवढाच फरक थोडक्यांत लिहून ठेवावा. काटकसरी कारकुनाची ही युक्ति आम्हांस फार आवडते. उलगडतांना मूळ आंकडे जसेच्या तसे हातीं येतात. जागा मात्र पुष्कळदां निम्म्याच्या आसपासच लागते.

मग ‘डेथ मॅग्नेटिक’ फ्लॅकमध्यें ऐकूनहि कान कां शिणतात? कारण दोष आधींचा आहे. आपलें गाणें इतरांहून मोठें वाजावें या अहमहमिकेंत हळू व मोठ्या स्वरांमधील अंतर दाबून सारेंच छतापर्यंत चढविलें गेलें. ड्रमच्या आघातांचीं शिखरें छाटलीं जाऊन तेथें सपाट पठारें झालीं, व त्यांतून खरखर उपजली. अंतिम संस्कार करणारे टेड जेन्सन यांनींच, मिश्रण आपणाकडे आलें तेंच असें चिरडलेलें होतें, असें कळविलें. त्याच सुमारास ‘गिटार हीरो’ या खेळासाठीं दिलेलीं हींच गाणीं कमी दाबलेलीं निघालीं, आणि रसिकांस घरबसल्या तुलनेचें साधन मिळालें. नवें संस्करण मागणाऱ्या अर्जावर दहा हजारांवर सह्या झाल्या.

त्यांचा पक्ष आम्हांस न्याय्य वाटतो. उग्र संगीत उग्रच असावें. पण आघात जाणवण्यास त्याच्या अलीकडे थोडी शांतता लागते. फ्लॅकला हा विवेक नाहीं, व तो त्याचा धर्महि नव्हे. हातीं आलेली खरखर तो इमानानें परत करतो. गंमत अशी कीं, असा कोंडलेला नाद त्याला फारसा आटवितांहि येत नाहीं. अदमास वारंवार चुकतो, फरक मोठे होतात, आणि पेटी उगीच फुगते.